चांदणपटाचा उजेड येतो कुठून? वाचकांचे प्रश्न आणि उत्तरे

मागच्या अंकात आम्ही एका कल्पित नगरीतल्या ‘चांदणपट’ या वस्त्राबद्दल लिहिले होते. रात्री गच्चीवर चांदण्यात पसरायचे, पहाटे घडी घालून पेटीत ठेवायचे आणि पुढच्या रात्री दोन घटका ते आपले आपण उजळते, असे ते कापड. त्यावर आलेली पत्रे मात्र अगदी कामाची आहेत. कुणाला ते रंगमंचावर आणायचे आहे, कुणाला मागावर, कुणाला कादंबरीत. निवडक प्रश्न आणि त्यांची उत्तरे पुढे देत आहोत.

प्रश्न : आमच्या मंडळाने चांदणपटावर नाटक बसवले आहे. अंधाऱ्या दालनात राणीचा शेला 12 मिनिटे उजळायला हवा. चमकणारी पावडर आणून पांढऱ्या गोंदात कालवली आणि ब्रशने लावली. पहिल्या रात्री बरी दिसली. उरलेले मिश्रण सकाळी घट्ट झाले आणि शेला तालमीगणिक मंद होत गेला. काय चुकले?
— नाट्यमंडळाचे कार्यकर्ते, कडोली

उत्तर : पावडर बहुधा स्ट्रॉन्शियम अल्युमिनेटची होती, पण कणांवर आवरण नसलेली. या पदार्थाला पाणी सोसत नाही. पाणी लागले की कण वरून विरघळू लागतो, मिश्रण अल्कधर्मी होऊन आळते आणि कणाची उजेड साठवण्याची ताकद जाते. पांढरा गोंद पाण्याचाच असतो. म्हणजे मिश्रण आळणे आणि शेला मंदावणे या दोन्हींचे मूळ एकच. विकत घेताना ‘वॉटरप्रूफ’ किंवा ‘कोटेड’ पावडर मागा आणि चमचाभर पावडर रात्रभर पाण्यात ठेवून पाहा. सकाळी सुटी राहिली तर घ्या, ढेकूळ झाले तर परत करा.

रंग हिरवा घ्या. स्ट्रॉन्शियम अल्युमिनेटचा हिरवा उजेड सर्वांत तेज आणि सर्वांत टिकाऊ असतो, त्याखालोखाल निळसर हिरवा. जांभळा, नारिंगी, लाल या पावडरी डबीवर सुंदर दिसतात आणि रंगमंचावर दोन मिनिटांत संपतात. अंधारातल्या डोळ्यालाही हिरवा-निळसर उजेडच जास्त जाणवतो, लाल जवळजवळ नाहीच.

कण 30 ते 50 मायक्रॉनचे हवेत (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग). बारीक पावडर पसरायला सोपी, पण उजेड कमी देते. म्हणून गुठळ्या मोडण्यासाठी ती मिक्सरमध्ये कधीही फिरवू नका. कण फुटतात, आवरण निघते, शिवाय हा पदार्थ इतका कठीण आहे की स्टीलचे पाते झिजून मिश्रणाला राखाडी झाक येते. लाकडी काडीने ढवळा आणि कोरडी पावडर हाताळताना नाकावर मास्क बांधा.

आता प्रमाण. सव्वादोन मीटरचा शेला सगळा छापू नका. काठ, पदर आणि थोड्या बुट्ट्या मिळून अर्धा चौरस मीटर पुरे. त्याला 100 ग्रॅम पावडर आणि 200 ग्रॅम पारदर्शक पिगमेंट बाइंडर (पावडर कापडाला धरून ठेवणारे द्रव्य) लागतो, जो स्क्रीन प्रिंटिंगचे साहित्य विकणाऱ्या दुकानात मिळतो. कापड सुती मलमल घ्या, कारण पुढे इस्त्रीची उष्णता आहे आणि आर्ट सिल्क तिने आकसते. शेला गडद हवा असेल तर नक्षीच्या जागी आधी पांढऱ्या छपाईच्या रंगाचा एक हात मारून वाळवा. पावडरीचा निम्मा उजेड मागच्या बाजूला जातो. मागे काळे-निळे कापड असेल तर ते तो गिळते, पांढरे असेल तर पुढे परतवते. हौशी मंडळी नेमका हाच हात वाचवतात आणि मग पावडरीला दोष देतात.

छपाई स्क्रीनने, म्हणजे चौकटीवर ताणलेल्या जाळीतून मिश्रण ओढून करा. जाळी सेंटीमीटरला 43 धाग्यांची घ्या. तिची भोके साधारण 0.15 मिलिमीटरची, म्हणजे कणाच्या तिप्पट असतात. त्याहून बारीक जाळीत पावडर अडकते आणि कापडावर नुसता बाइंडर उतरतो. एका हाताने भागत नाही. दोन-तीन हात द्या, प्रत्येक हात वाळल्यावर पुढचा. पावडर जड असल्यामुळे तळाला बसते, म्हणून दर ओढीआधी ढवळा. नाहीतर शेल्याचे एक टोक उजळ आणि दुसरे अंधारे होते. ब्रशचा नाद सोडाच, त्याच्या फटकाऱ्यांचे पट्टे दिवसा दिसत नाहीत आणि रात्री स्पष्ट दिसतात.

छापलेला शेला सावलीत पूर्ण वाळू द्या. कोरड्या दिवसांत एक दिवस पुरतो, आपल्याकडच्या आषाढ-श्रावणात दोन. मग उलट बाजूने, मध्ये बटर पेपर ठेवून, वाफ बंद करून सुती कापडाच्या अंकावर एकेका जागी 3 ते 4 मिनिटे इस्त्री दाबा. ही पायरी टाळली तर नक्षी घडीवर तडकते आणि पहिल्याच धुण्यात पापुद्रे निघतात.

राहिले 12 मिनिटांचे गणित. हा उजेड दिव्यासारखा एकसारखा राहत नाही. पहिल्या मिनिटाच्या मानाने दहाव्या मिनिटाला तो साधारण दहावा हिस्सा उरतो. तरीही 12 मिनिटे निभतात, पण दोन अटींवर. पहिली, प्रवेशाच्या अगदी आधी विंगेत शेला भरून घ्यायचा. पांढऱ्या एलईडीखाली हातभर अंतरावर 15 ते 20 मिनिटे, दोन्ही बाजू उलटून. पिवळ्या हॅलोजनखाली तो नीट भरत नाही, कारण पावडरीला निळा आणि अतिनील प्रकाश लागतो. दुपारी उन्हात भरून संध्याकाळपर्यंत पेटीत ठेवण्यात काही अर्थ नाही. कापड गरम राहिले तर साठा आणखी लवकर गळतो.

दुसरी अट प्रेक्षकांच्या डोळ्यांची. डोळा अंधाराला पुरता सरावायला 20 ते 30 मिनिटे लागतात, निदान पहिली 5 ते 7 मिनिटे तरी हवीतच. आधीचा प्रवेश झगझगीत उजेडात करून एकदम काळोख केलात तर शेला उजळत असूनही मागच्या रांगेला दिसणार नाही. आधीचा प्रवेश मंद करा आणि दिवे हळूहळू उतरवा. अंधाऱ्या प्रवेशात चेहऱ्यासाठी प्रकाश लागलाच तर फार मंद लाल द्या. लाल प्रकाशात अंधाराला सरावलेला डोळा कमी बिघडतो.

प्रश्न : ही पावडर म्हणजे रेडियमच ना? लहान मुलांच्या अंगावर घालणे धोक्याचे नाही का?
— एक आई, निपाणी

उत्तर : नाही. गेल्या शतकाच्या सुरुवातीला घड्याळांच्या काट्यांवर खरे रेडियम झिंक सल्फाइडमध्ये मिसळून लावत. अमेरिकेत ते काम करणाऱ्या मुली ब्रशचे टोक ओठांनी अणकुचीदार करत आणि त्यातून त्यांचे जबडे झिजले, कित्येकींचे जीव गेले. आजच्या पावडरीत किरणोत्सार नाही. स्ट्रॉन्शियम हे नाव ऐकून भीती वाटते ती स्ट्रॉन्शियम-90 मुळे. ते वेगळे आहे, अणुविखंडनातून तयार होणारे. पावडरीतले स्ट्रॉन्शियम साधे, खनिजातले. नाकातोंडात धूळ जाऊ नये एवढी काळजी पुरे, आणि छपाईखाली सुती अस्तर लावा म्हणजे कातडीला खरखर होणार नाही. सायकल-ट्रकच्या मागे लावतात त्या ‘रेडियम’ पट्टीत तर पावडरही नसते. त्यातले काचेचे बारीक मणी किंवा लोलक समोरून आलेला झोत आल्या दिशेने परतवतात. अंधारात ती पट्टी आपणहून उजळणार नाही.

प्रश्न : आमच्याकडे साडीचे यंत्रमाग आहेत. छापण्याऐवजी उजळणारा धागाच विणता येईल काय? ताण्यात घालावा की बाण्यात?
— एक विणकर, शहापूर

उत्तर : येईल, आणि बाण्यातच, म्हणजे आडव्या धाग्यात घाला. उजळणारा धागा बहुधा पॉलिएस्टरचा असतो. पॉलिमर वितळलेला असतानाच त्यात पावडर मिसळून तो काढतात. कण कठीण असल्याने धागा जिथे जिथे घासतो तिथे धातू खातो. ताण्यात घातला तर प्रत्येक धागा फणीतून आणि वयीतून (ताण्याचे धागे वर-खाली करणाऱ्या भागातून) दिवसभर घासला जाणार, फणीला खाचा पडणार आणि पुढे साधा ताणाही तुटू लागणार. बाण्यात तो फक्त धोट्याच्या, म्हणजे बाणा इकडून तिकडे नेणाऱ्या साधनाच्या डोळ्यातून जातो. तिथे चिनी मातीचा डोळा बसवा आणि कांडी सैल भरू नका, फासे पडतात.

साध्या विणीत बाणा निम्माच वर दिसतो. तीन ताण्यांवरून एकाखाली अशी ट्विल घेतलीत तर तो पाऊण दिसतो. आठ ताण्यांच्या साटिनमध्ये आठांतले सात भाग. मात्र लांब उचलीचा धागा बांगडीत अडकतो, म्हणून नेसायच्या वस्त्रासाठी ट्विलवर थांबा. ताणा पांढरा किंवा मोतिया ठेवा. छपाईइतका तेज उजेड या धाग्याकडून मिळणार नाही, कारण धागा काढता यावा म्हणून त्यात कण फार बारीक घालावे लागतात. ही मर्यादा गिऱ्हाइकाला आधीच सांगा.

आमचा सल्ला असा की सगळी साडी उजळणाऱ्या धाग्याची करूच नका. इरकलीचा टोप पदर जसा वेगळ्या ताण्याचा असून अंगाच्या ताण्याला फासे घालून जोडतात, तसा फक्त पदर वेगळा, फिक्या ताण्याचा घ्या. अंग गडद राहील, महाग धागा वाचेल आणि रात्री पदर उठून दिसेल. तपासणी मात्र अंधाऱ्या खोलीत करावी लागेल. बाण्यातली चूक दिव्याखाली दिसत नाही, अंधारात ती काळ्या रेघेसारखी उमटते.

प्रश्न : चांदणपटासारख्या वस्त्रावर मी लांब कादंबरी लिहीत आहे. विणकरांची नगरी आहे, राणी आहे, पण वाचणारे म्हणतात, “हे कापड खरे वाटत नाही.” जादू आहे म्हटल्यावर ती खरी कशी वाटावी?
— एक लेखिका, वडगाव

उत्तर : जादूला एकच सूट द्या आणि बाकी सगळे नियम पाळा. त्यासाठी आधी ठरवा की उजेड कापडात शिरतो कसा, राहतो किती वेळ आणि मरतो कशाने.

आमच्या चांदणपटाचेच पाहू. लक्स या उजेडाच्या एककात भर दुपारचे ऊन सुमारे 1 लाख लक्सचे, पौर्णिमेचे चांदणे पाव लक्सचे. फरक 4 लाख पटींचा. खरी पावडर 10 मिनिटांच्या उन्हात भरते असे धरले, तर तेवढाच प्रकाश चांदण्याकडून मिळवायला 40 लाख मिनिटे, म्हणजे सलग साडेसात वर्षांहून जास्त पौर्णिमा लागेल. शिवाय खरा पदार्थ भरता भरताच गळतो. म्हणून या नगरीत नेमकी सूट एवढीच की तो धागा चांदणे गळू न देता धरून ठेवतो आणि तेवढ्या थोड्या प्रकाशावर भरतो. सुटीचे माप ठरले की बाकीचे आपोआप ठरत जाते. अमावास्येच्या आठवड्यात कापड रिकामे राहणार. आषाढात आभाळ महिना महिना उघडत नसेल, तर त्या महिन्यात राजवाडा तेलाच्या दिव्यांवर चालणार आणि तेलाचा भाव वाढणार. कापडाची किंमत लांबीवर ठरणार नाही, किती घटका उजळते त्यावर ठरेल. घटका म्हणजे 24 मिनिटे. गिऱ्हाईक बंद खोलीत घटिकापात्र घेऊन बसेल. लबाड व्यापारी दुसऱ्या प्रतीचे कापड दिवसा उन्हात भरून ‘एकाच रात्रीच्या चांदण्यावर भरले’ म्हणून खपवेल. विणकर स्त्रिया चुका शोधायला अंधारात बसतील. इथपर्यंत आलात की पात्रांना काम मिळते आणि कथानक पुढे सरकते.

उजेडाचा उगम बदलला तर जगही बदलते. काजव्याच्या पोटात ल्युसिफेरिन नावाचे द्रव्य, एक विकर (एन्झाइम), पेशीतली ऊर्जा आणि हवेतला ऑक्सिजन एकत्र येऊन थंड उजेड तयार होतो. असा जिवंत धागा कल्पिलात तर त्याला खायला घालावे लागेल, हवा लागेल आणि पेटीत कोंडला तर तो विझेल. असे वस्त्र लपवून नेता येत नाही, हा केवढा मोठा कथाबीजाचा भाग आहे! मृगाच्या आधी खानापूर तालुक्यातल्या जांबोटी-कणकुंबीच्या रानात काजवे पाहा. त्यांचा उजेड सलग नसतो, लय धरून येतो-जातो. तुमच्या राणीचा पदरही तसा श्वास घेतल्यागत उजळू शकेल. पावसाळ्यात पश्चिम घाटातल्या कुजक्या लाकडांवर हिरवट उजेड देणारी अळिंबी वाढते. तिचा उजेड ओल सुटली की जातो. असा धागा वाळवायचाच नाही, ही आणखी वेगळी अडचण.

रेशमाचे उदाहरणही उपयोगी पडेल. जपानमधल्या संशोधकांनी 2013 मध्ये जेलीफिश आणि पोवळ्यांच्या जनुकांचा वापर करून हिरवे, लाल, नारिंगी चकाकणारे रेशीम देणारे किडे तयार केल्याचे प्रसिद्ध केले. निळा प्रकाश टाकला तरच ते चकाकते, आपणहून अंधारात नाही. कोष नेहमीसारखे उकळले तर ते प्रथिन मोडते आणि चकाकी जाते, म्हणून त्यांना कमी तापमानाला धागा सोडवावा लागला. ‘उकळू नये’ असा एक नियम तुमच्या नगरीतही ठेवा. एखाद्या शत्रूला किंवा अजाण सुनेला तो मोडता येईल.

आणि स्वतः उजळणारे कापड जगात आधीच होऊन गेले आहे. गॅसबत्तीचा मॅन्टल. 1885 मध्ये कार्ल आउअर फॉन वेल्सबाख या ऑस्ट्रियन रसायनतज्ज्ञाने त्याचे पेटंट घेतले. सुती जाळी क्षारांच्या द्रावणात भिजवायची, वाळवायची, पेटवायची. कापूस जळून जातो आणि ऑक्साइडचा जाळीदार सांगाडा उरतो (1891 मध्ये त्याने ठरवलेल्या मिश्रणात 99 टक्के थोरियम ऑक्साइड व 1 टक्का सिरियम ऑक्साइड), जो ज्योतीत पांढरा लखलखतो. खेड्यापाड्यांतली नाटके वर्षानुवर्षे त्याच उजेडात झाली. पण बोट लागले की त्याची राख होते. असे वस्त्र कुणी नेसू शकत नाही, देवळात टांगू मात्र शकते.

शेवटी एक तपासून पाहा. तुमची राणी मशालींनी भरलेल्या दरबारात झळाळत येते का? मशालींच्या उजेडात मंद झळाळी कुणालाच दिसणार नाही. आधी कुणीतरी मशाली विझवल्या पाहिजेत. त्या कुणी विझवायच्या, यावर एक प्रकरण उभे राहील.

प्रश्न : शाळेच्या बालनाट्यात रानातल्या पऱ्यांचे चकाकणारे कपडे हवेत. महाग पावडर परवडत नाही. स्वस्तात काय करता येईल?
— एक शिक्षिका, खानापूर

उत्तर : अतिनील दिवा वापरा. 365 ते 400 नॅनोमीटर तरंगलांबीचे एलईडी मिळतात. 365 चा दिवा स्वतः कमी जांभळा दिसतो आणि कपडे जास्त उठून दिसतात. त्याखाली पांढरा सुती सदरा निळसर झळाळतो, कारण धुण्याच्या पावडरीतले शुभ्रता देणारे द्रव्य त्यात मुरलेले असते. हळदीत रंगवलेले कापड पिवळे-हिरवे चकाकते. एक मीटर मलमलीला 2 चमचे हळद, लिटरभर कोमट पाण्यात अर्धा तास. साबणाने धुऊ नका, लाल पडते, आणि उन्हात वाळवू नका, रंग उडतो. फ्लोरोसंट पोस्टर रंगांनी पंखांवर रेघा ओढल्यात की काम झाले.

दिवा मुलांच्या डोळ्यांच्या पातळीवर लावू नका, वरून खाली झोत पाडा. आणि एक गोष्ट कळकळीने सांगतो. जंतू मारण्यासाठी किंवा पाणी शुद्ध करण्यासाठी वापरतात ती 254 नॅनोमीटरची नळी यासाठी कधीही आणू नका. तीही ‘यूव्ही’ नावानेच मिळते, पण तिने थोड्या वेळात डोळे आणि कातडी भाजतात.

प्रश्न : शिवजयंतीच्या चित्ररथावर देवीची उजळती साडी दाखवायची आहे. पावडर चालेल की?
— एक कार्यकर्ता, बेळगाव

उत्तर : चालणार नाही. रस्त्यावरचे दिवे, जनरेटरवरचे फोकस आणि रात्रभराची मिरवणूक, यात पावडर दिसणारच नाही. तिथे एलईडी आणि ऑप्टिकल फायबर वापरा. फायबर अर्धा मिलिमीटर जाडीचे घ्या. एका टोकाला 100-150 फायबरची मोळी घट्ट बांधून गरम, धारदार पात्याने सपाट कापा आणि त्यावर 3 वॅटचा एलईडी बसवा. कात्रीने कापलेले टोक चिरडते आणि उजेड आत शिरत नाही. फायबर काठाजवळ घडी पडेल असे वळवू नका. जिथे दुमडले तिथे उजेड बाहेर सांडतो आणि पुढचा भाग काळा राहतो.

एलईडी पट्टी लावणार असाल तर हिशेब करा. 5 व्होल्टच्या रंग बदलणाऱ्या पट्टीत मीटरला 60 दिवे असले तर पूर्ण पांढऱ्यावर ती मीटरमागे साडेतीन अँपिअरपर्यंत ओढते. 10,000 एमएएचच्या पॉवर बँकेतून 5 व्होल्टवर प्रत्यक्षात 6,000 ते 6,500 एमएएचच मिळतात, म्हणजे दोन तासही नाहीत. तेज 20 टक्क्यांवर आणलेत तर तीच पॉवर बँक आठेक तास पुरते आणि रात्रीच्या डोळ्याला फरक फारसा जाणवत नाही. बेळगावची शिवजयंती वैशाखात असते आणि वळवाचा पाऊस त्याच दिवसांत येतो. जोड सिलिकॉनने बंद करा आणि पॉवर बँक मूर्तीच्या मागे, उंचावर, हवा लागेल अशी ठेवा.

प्रश्न : छापलेला शेला धुवायचा कसा?
— एक वाचक, येळ्ळूर

उत्तर : उलटा करून, थंड पाण्यात, सौम्य साबणाने, हाताने. पिळू नका, ब्लीच घालू नका, छापील बाजूवर इस्त्री फिरवू नका. घडी न घालता नळीवर गुंडाळून ठेवा, नक्षी बाहेरच्या बाजूला.